मंगळवारी चारला छळणारा

"लिही," भाऊजी म्हणाले. "'शहरातला एकमेव खासगी गुप्तहेर. नजर घारीची, स्मरणशक्ती हत्तीची—'"

"आणि पोट?"

"ते लिहू नको. 'ज्याच्या नुसत्या चाहुलीनं गुन्हेगार चळाचळा कापतात, पुरावे आपण होऊन बोलू लागतात आणि सत्य खाली मान घालून समोर उभं राहतं.'"

"सत्यानं मान खाली का घालायची?"

"उशिरा सापडलं म्हणून."

मी लिहून घेतलं. मी निवृत्त लघुलेखिका आहे. एकतीस वर्षं साहेब लोकांची वाक्यं जशीच्या तशी टिपली. त्या नोकरीत एक गोष्ट शिकले: लिहून घेणाऱ्यानं विचार करायचा नाही. विचार केला की दोन वाक्यं सुटतात. निवृत्तीनंतर बहिणीकडे राहायला आले आणि तिच्या नवऱ्याची, म्हणजे भाऊजींची, सहायक झाले. मला विचारलं कुणी नव्हतं. बहिणीनं फक्त माझ्या हातात वही दिली आणि म्हणाली, "आता तू ऐक. मी तीस वर्षं ऐकलंय."

भाऊजी पूर्वी बस डेपोत हरवलेल्या वस्तूंच्या विभागात होते. अठ्ठावीस वर्षांत त्यांच्याकडे साडेतीन हजार छत्र्या जमा झाल्या. प्रत्येक छत्रीमागे एक गुन्हा आहे, असं त्यांचं ठाम मत होतं. छत्र्या लोक आपल्या हातानं विसरून जायचे, हे त्यांना कुणी पटवू शकलं नाही.

तर असा जाहिरातीचा मजकूर चालू असताना माझी मैत्रीण आली. ती एका साप्ताहिकाची संपादिका आहे. आम्ही दोघी एकाच टायपिंगच्या वर्गात होतो. ती संपादिका झाली, कारण तिचं टायपिंग वाईट होतं.

"माझं शब्दकोडं मोडलं गं," ती खुर्चीत बसत म्हणाली.

भाऊजी ताडकन उठले. "कुणी मोडलं? कशानं? हत्यार सापडलं का?"

तिनं पिशवीतून चार अंक काढून टेबलावर ठेवले. तिच्या साप्ताहिकातलं शब्दकोडं दोघं मिळून बनवतात, हे मला ठाऊक होतं. एक निवृत्त भूगोलाचे मास्तर आणि एक निवृत्त टेलिफोन ऑपरेटर बाई. आडवे शब्द मास्तरांचे, उभे शब्द बाईंचे. एकोणीस वर्षं दर मंगळवारी दुपारी चार वाजता मास्तर बाईंच्या घरी जात, चहा होई, दोघं चौकटीवर डोकी घालून बसत आणि भांडत. 'क्षितिज' घ्यायचं की 'क्षणिक' यावर एकदा तीन तास भांडले होते. पण सहाच्या आत कोडं तयार.

"आणि आता?" मी विचारलं.

"आता बोलत नाहीत. मास्तर चौकट पाकिटातून ऑफिसात पाठवतात, मी ती बाईंकडे पाठवते, त्या उभे शब्द भरून मला परत पाठवतात. दोघांना विचारलं, तर दोघं एकच सांगतात: 'आधी त्यांनी तोडलं.' त्यापुढे शब्द नाही. आणि हे बघ काय छापावं लागतंय मला!"

मी मोठ्यानं वाचलं. "आडवा तीन: आल्या पाहुण्याला दारातूनच हाकलणारी. पाच अक्षरी."

"माणूसघाणी," संपादिका म्हणाली.

"उभा सहा: वेळ ठरवून न येणारा. सहा अक्षरी."

"बेभरवशाचा."

"आडवा अकरा: एकोणीस वर्षांची ओळख विसरणं. चार अक्षरी."

"कृतघ्नता. आणि मागच्या रविवारी तर कहर झाला. एका चौकोनात दोन अक्षरं! आडव्यातून 'घा' येतंय, उभ्यातून 'क्षी', आणि दोघंही हटायला तयार नाहीत. सकाळपासून वाचकांचे फोन. एका आजोबांनी दोन्ही अक्षरं बसावीत म्हणून चौकोनच मोठा करून पाठवला."

"म्हणजे आडव्यांचा उभ्यांशी उभा दावा," भाऊजी म्हणाले आणि स्वतःच हसले. मी तेही टिपलं.

संपादिका हसली नाही. "येत्या रविवारी एक हजारावं कोडं आहे. शुक्रवारी सकाळी ते धड मिळालं नाही, तर मालक बाहेरून तयार कोडं घेणार, कायमचं. मास्तर एकटे राहतात, बाई एकट्या राहतात. या कोड्याशिवाय त्यांच्या आठवड्यात दुसरं आहे काय?"

भाऊजींचं तिकडे लक्ष नव्हतं. ते एका शब्दावर बोट ठेवून बसले होते.

"उभा नऊ," ते पुटपुटले. "'मंगळवारी चारला छळणारा. दोन अक्षरी.' हा कोण?"

"तोच तो 'क्षी'वाला. एकाही वाचकाला आला नाही. उत्तर पुढच्या अंकात येणार."

"मला आलं," भाऊजी म्हणाले. "शनी."

"मंगळवारी शनी?"

"तेच तर गूढ आहे!"

दुसऱ्या दिवशी, बुधवारी सकाळी, आम्ही बाईंच्या घरी गेलो. तळमजल्यावरचं छोटं घर, भिंतींना नवा रंग, दाराशी दोन कुंड्या. भाऊजींनी कॉलर सारखी केली आणि बेलचं बटण दाबलं.

आतून एक बारीक चिवचिवाट आला आणि पाठोपाठ बाईंचा खणखणीत आवाज. "हाड्! पुन्हा आलास मेल्या? चल, नीघ! इथे काही मिळायचं नाही तुला!"

भाऊजी कुंडीमागे गेले. कुंडी लहान होती, त्यामुळे फक्त गुडघे लपले.

"तिनं मला ओळखलं," ते कुजबुजले. "माझी कीर्ती पोचली इथपर्यंत."

मी दारावर थाप मारून हाक दिली, "बाई, आहात का घरात?"

दार लगेच उघडलं. समोर पांढऱ्या केसांच्या, जाड चष्म्याच्या, हसऱ्या बाई. "अगंबाई, या या! केव्हापासून उभ्या आहात?"

'दुतोंडी,' भाऊजींनी माझ्या वहीत स्वतःच्या हातानं लिहिलं.

टेबलावर दोन कप पालथे घातलेले होते. बाई म्हणाल्या, "डोळ्याचं ऑपरेशन झालं म्हणून दोन आठवडे मुलीकडे होते. परत आल्यावर पहिला मंगळवार. मी कप मांडले, बिस्किटं काढली, चौकट आखून ठेवली. चार वाजले, साडेचार वाजले, बेल वाजलीच नाही, मास्तर आलेच नाहीत. पुढच्या मंगळवारी तेच. तिसऱ्या मंगळवारीही तेच. एकोणीस वर्षांत जे कधी झालं नाही ते. मग चौथ्या आठवड्यात ऑफिसातून पाकीट! आत चौकट, आणि वर 'माणूसघाणी'. मी? मी तर दार लावून घेतानासुद्धा वाटेकडे बघत असते."

"तुम्ही फोन का नाही केला?" मी विचारलं.

"चाळीस वर्षं जगाचे फोन जोडून दिले मी. स्वतःहून कुणाला लावायची सवयच नाही राहिली. आणि का लावू? मंगळवार चार म्हणजे मंगळवार चार."

"आणि तो उभा नऊ?"

"तो होय? पक्षी! एक मेला पक्षी मागच्या खिडकीशी येतो. मी मास्तरांची वाट बघत बसले की बरोबर चारला चिवचिवाट. तीन मंगळवार तसंच. मग मास्तरांचं पाकीट आलं आणि तोही येईनासा झाला. आज एकदम परत आला. आत्ताच हाकललाय. डोळ्यांना अजून लांबचं नीट दिसत नाही, नाहीतर बघितलंच असतं त्याच्याकडे."

भाऊजींनी चारी कोपरे पाहिले. पलंगाखाली वाकून पाहिलं, तिथून वर यायला त्यांना माझा हात लागला. बाहेर आल्यावर ते म्हणाले, "पिंजरा नाही. लक्षात आलं? चिवचिवाट आहे, पण पिंजरा नाही. म्हणजे पक्षी लपवलाय. दुर्मीळ पक्ष्यांची तस्करी! मास्तरांना सुगावा लागला म्हणून त्यांना दूर केलं."

"भाऊजी, तो बाहेरचा पक्षी आहे."

"पुढे चल."

मास्तरांची खोली दुसऱ्या मजल्यावर होती. भिंतभर नकाशे आणि त्यांच्यामध्ये मास्तर, उंच, सडपातळ, अगदी रेखांशासारखे. तरी शब्द आडवे करायचे. दाराशी एक खोकं पडलं होतं. भाऊजींनी ते परवानगीशिवाय उघडलं आणि आतून एक भलंमोठं, लाकडी मुठीचं भिंग काढलं.

"पुरावा!" ते म्हणाले. त्यांना असं भिंग हवंच होतं.

"ते बाईंसाठी होतं," मास्तर म्हणाले. "ऑपरेशननंतर बारीक अक्षर त्रास देईल म्हणून. दुकानातलं सगळ्यात मोठं घेतलं. पहिल्याच मंगळवारी घेऊन गेलो. बेल दाबली. आतून आवाज आला, 'हाड्, मेल्या!' मला वाटलं कुत्र्याला म्हणाल्या असतील. दार काही उघडलं नाही, परत आलो. दुसऱ्या मंगळवारी बेल दाबली, 'पुन्हा आलास? चल, नीघ!' मला वाटलं कुत्रं पुन्हा आलं असेल. तिसऱ्या मंगळवारी म्हणाल्या, 'इथे काही मिळायचं नाही तुला.' आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं की त्या घरात कुत्रं नाही."

ते खिडकीकडे तोंड करून उभे राहिले. "एकोणीस वर्षं 'अहो मास्तर' म्हणत होत्या. एकदम 'मेल्या'. आणि वर ते कोडं! मंगळवारी चारला छळणारा. दुसरं कोण असणार? मीच तो."

मी वहीची मागची पानं चाळली. आयुष्यात पहिल्यांदाच लिहून घेताना मला विचार आला आणि दोन वाक्यं सुटली, पण त्याला इलाज नव्हता.

"मास्तर, त्या तुम्हाला म्हणतच नव्हत्या. खिडकीशी एक पक्षी येतो, त्याला हाकलत होत्या. आज आम्हालाही हेच शब्द ऐकू आले."

मास्तर वळले. त्यांच्या चेहऱ्यावर क्षणभर काहीतरी उजळलं आणि लगेच विझलं. "पक्षी? तीन मंगळवार, बरोबर चारला, मी बटण दाबलं की पक्षी? आणि बेलचं काय? बेल ऐकूनसुद्धा दार उघडलं नाही ते? मी भूगोल शिकवला, बाई, छत्तीस वर्षं. पक्षी घड्याळ लावून येत नाहीत."

"बेल वाजलीच नाही म्हणतात त्या."

"बटणावरचा लाल दिवा लागलेला मी स्वतः पाहिलाय."

तोही मुद्दा खरा होता. दिवा मीही पाहिला होता. मला पुढे काही सुचेना. भाऊजींना मात्र सुचलं आणि तिथून सगळं बिघडलं.

"मास्तर, तुम्ही महान आहात!" ते भिंगातून मास्तरांकडे बघत म्हणाले. "पक्षी घड्याळ लावून येत नाहीत. म्हणजेच त्याला कुणीतरी घड्याळ लावून सोडत होतं! शिकवलेला पक्षी. तुमचं बोट बटणावर पडलं की तिकडे खिडकीशी पक्षी सुटतो, त्याच्या कलकलाटात बेल बुडते, बाई ओरडतात, तुम्ही परतता. किती साधं!"

"असं कोण करेल?" मास्तरांनी विचारलं.

"उद्या गुरुवार. संध्याकाळी पाच वाजता बाईंच्या घरी सगळे जमा. नाव तिथेच सांगेन."

मास्तर यायला तयार नव्हते. मी परत एकटी गेले त्यांच्याकडे. म्हटलं, "दोन कप मांडून बसतात त्या, अजूनही." दुसऱ्या दिवशी पाचला पाच मिनिटं कमी असताना ते कोपऱ्यावर उभे होते. संपादिकेनं आधीच जाऊन दार उघडं ठेवलं होतं, म्हणून आत शिरायला अडचण आली नाही. बाईंनी मास्तरांकडे पाहिलं नाही. मास्तरांनी बाईंकडे पाहिलं नाही. दोघांनी मिळून एकाच कॅलेंडरकडे पाहिलं. मी मागून दार लोटून घेतलं.

भाऊजी खोलीच्या मधोमध उभे राहिले. एक हात मागे, दुसऱ्यात भिंग.

"मंडळी, या खोलीत गुन्हेगार हजर आहे."

"पंखा लावू का?" बाईंनी विचारलं.

"नको. गुन्हेगाराला घाम फुटू दे. प्रश्न असा की या दोघांच्या भांडणाचा फायदा कुणाला? कुणाच्या साप्ताहिकाकडे वाचकांची पत्रं वाढली? कुणाचे फोन सकाळपासून खणखणले? कोण या दोघांची पाकिटं हाताळत होतं?" त्यांनी भिंग सर्रकन फिरवलं आणि ते माझ्या मैत्रिणीसमोर थांबलं. "संपादिकाबाई, पक्षी कुठे आहे?"

"कुठला पक्षी?" ती किंचाळली. "अहो, मीच तुम्हाला बोलावलं ना?"

"धूर्त गुन्हेगार नेहमी तेच करतात."

"माझ्या घरी साधं कबूतर बसलं तरी मी खोली बदलते! हिला विचारा!"

"खरंय," मी म्हटलं. "टायपिंगच्या वर्गात एकदा चिमणी शिरली, तर ही परीक्षा सोडून गेली."

"अभिनय!" भाऊजी गरजले. मास्तर उठले. "मी निघतो. माझी चूक झाली आलो ती." बाई म्हणाल्या, "जा ना. जायची सवय झालीच आहे तुम्हाला." मास्तर म्हणाले, "घालवायची सवय कुणाला झालीय ते साऱ्या वाचकांना माहीत आहे." संपादिका रडायच्या बेतात आली. एक हजारावं कोडं संपलं असंच मी धरून चालले.

आणि तेवढ्यात चिवचिवाट झाला.

बाई ताडकन उठल्या आणि मागच्या खिडकीकडे धावल्या. "आला मेला! आज गुरुवारीसुद्धा! हाड्! चल, नीघ! इथे काही मिळायचं नाही तुला!"

मास्तरांचा चेहरा पांढरा पडला. "हेच," ते म्हणाले. "अगदी हेच शब्द."

दाराबाहेरून एका बाईचा संतापलेला आवाज आला. "मिळायचं नाही म्हणजे काय? मी मीटर वाचायला आलेय! हाड् कुणाला म्हणता?"

मी दार उघडलं. बाहेर वीज कंपनीची बाई उभी, खांद्याला पिशवी, हातात यंत्र, कपाळावर आठ्या.

"बेल तुम्ही वाजवलीत?" मी विचारलं.

"मग काय गाणं म्हटलं?" ती म्हणाली आणि बटण पुन्हा दाबलं. आत, कपाटावरच्या पांढऱ्या डबीतून, एक पक्षी गोड चिवचिवला. तिनं आणखी एकदा दाबलं. आणखी एकदा चिवचिवला.

"हल्ली बऱ्याच घरांत हीच बेल असते," ती म्हणाली. "मीटर कुठे आहे?"

बाई खिडकीशी तशाच उभ्या होत्या, एक हात हवेत. "जावयानं घराला रंग लावून घेतला मी नसताना," त्या हळूच म्हणाल्या. "फोनवर म्हणाला होता, 'बेलही बदललीय, ऐकाल तेव्हा कळेल.' मी म्हटलं, वाजली की कळेलच. ती वाजलीच नाही कधी. दूधवाली हाक मारते, शेजारीण खिडकीवर टकटक करते. बेल वाजवणारं दुसरं आहेच कोण मला?"

"आम्ही वाजवली होती काल," मी म्हटलं.

"आणि मी," मास्तर म्हणाले. "तीन वेळा."

"तीन वेळा आलात?"

"तीन वेळा. हे घेऊन." त्यांनी भाऊजींपुढे हात केला. भाऊजींनी भिंग छातीशी धरलं, माझ्याकडे पाहिलं, मी डोळे मोठे केले, आणि मग त्यांनी ते सोडलं. बाईंनी भिंग घेतलं, त्यातून मास्तरांच्या तोंडाकडे बराच वेळ पाहिलं.

"वाळलात," त्या म्हणाल्या. आणि मग एकदम चिडून, "आणि दार वाजवता येत नव्हतं? हाक मारता येत नव्हती? भूगोल शिकवला म्हणे! दार कुठल्या दिशेला आहे ते ठाऊक नाही?"

"'हाड् मेल्या' ऐकल्यावर हाक मारायची?"

"मी पक्ष्याला म्हणत होते!"

"पक्षी नव्हताच!"

"ते मला काय माहीत? आणि 'माणूसघाणी' काय? शोभतं का तुमच्या वयाला?"

"'बेभरवशाचा' शोभतं? सहा अक्षरं घालवलीत त्यात! तिथे 'वाळवंट' बसलं असतं!"

"कसं बसलं असतं? 'वाळवंट' चार अक्षरी आहे!"

"चौकट आणा. दाखवतो."

बाईंनी चौकट आणली. दोघं टेबलाशी बसले, डोकी जवळ, आवाज चढलेले. संपादिका डोळे पुसत हसायला लागली. मीटरवाल्या बाईनं आकडा टिपला, 'भांडणं घरची घरी मिटवावीत' असं म्हणाली आणि निघून गेली. तिचे आभार मानायचे राहूनच गेले.

घरी येताना भाऊजी म्हणाले, "शिकवलेला पक्षी मी म्हटलंच होतं. यंत्र काय, शिकवलेलंच असतं." मी ते लिहून घेतलं नाही.

रविवारी साप्ताहिक आलं. एक हजारावं कोडं पूर्ण पानभर होतं, नेटकं, एका चौकोनात एकच अक्षर. बहिणीनं चहा टाकला. भाऊजींनी पेन घेतलं. ते कोडी पेननंच सोडवतात, खोडायची वेळ येतच नाही म्हणतात.

"आडवा एक," मी वाचलं. "'ज्याच्याशी भांडल्याशिवाय काम पुढे सरकत नाही. चार अक्षरी.'"

"गुन्हेगार," भाऊजी म्हणाले आणि लिहूनही टाकलं.

मी अक्षरं मोजली. बसत होतं. मग मी उभा एक पाहिला. तोही त्याच चौकोनातून खाली जात होता. 'अंगातला उत्साह, दोन अक्षरी', आणि दुसरं अक्षर 'म' छापूनच दिलेलं.

"उभा 'जोम' आहे, भाऊजी. म्हणजे आडव्याची सुरुवात 'जो'नं. जोडीदार."

भाऊजींनी चष्मा वर केला, चौकटीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं.

"मग उभा चुकलाय," ते म्हणाले. "तिथे 'गुम' आहे. उत्साह गुम झालेला." आणि 'गु' पेननं आणखी ठळक केला.

मी खुर्ची पुढे ओढली आणि त्यांच्या हातातून पेन काढून घेतलं. चहा गार होईपर्यंत आम्ही भांडलो.